एका गळ्याच्या दोन नोकऱ्या

'बुंगो स्ट्रे डॉग्ज' ही जपानी ॲनिमे मालिका २०१६ मध्ये सुरू झाली. तिच्या पहिल्या शीर्षकगीतात गिटारच्या खरखरीवर एक उंच, धारदार, किंचित फाटलेला पुरुषी आवाज चढत जातो. दीड मिनिटात गाणं संपतं आणि कथा सुरू होते. पुढे काही भागांनी चुया नाकाहारा नावाचा हॅटवाला, शीघ्रकोपी माफिया पडद्यावर येतो आणि बोलू लागतो. त्याचा आवाज आणि शीर्षकगीतातला आवाज एकाच माणसाचे आहेत, हे सांगितल्याशिवाय बहुतेकांच्या लक्षात येत नाही. त्या माणसाचं नाव किशो तानियामा.

तानियामा वीसेक वर्षं दोन पेशे सांभाळतो आहे. एक पेशा सेइयूचा, म्हणजे ॲनिमे, गेम आणि परदेशी चित्रपट यांना आवाज देणाऱ्या नटाचा. 'अटॅक ऑन टायटन'मधला जाँ, 'कुरोकोज बास्केटबॉल'मधला हिमुरो, 'उता नो प्रिन्स-सामा'मधला नात्सुकी हे सगळे त्याचेच आवाज. दुसरा पेशा 'ग्रॅनरोडिओ' या हार्ड रॉक जोडीच्या गायकाचा. असा माणूस दिसला की लोक पहिल्यांदा विचारतात, याला वेळ कसा पुरतो? मला हा प्रश्न दुय्यम वाटतो. वेळापत्रक मॅनेजर जुळवून देतात. खरी अडचण ही आहे की दोन्ही कामं एकाच अवयवावर चालतात आणि दोघांना त्या अवयवाकडून एकमेकांविरुद्ध गोष्टी हव्या असतात. ज्यांना हे दीर्घकाळ जमलं ते जिद्दी होतेच, पण त्यांच्याभोवती कामाची वाटणीही नीट झालेली होती. जिथे ती तशी झाली नाही, तिथे त्याची किंमत माणसाच्या शरीराने मोजली.

आधी गळ्याकडे पाहू. साधं बोलताना प्रौढ पुरुषाच्या स्वरतंतूंची जोडी सेकंदाला साधारण १०० ते १३० वेळा एकमेकांवर आपटते, स्त्रीची २०० च्या आसपास. रॉक गाणारा पुरुष वरच्या सुरांत गेला की हा आकडा ४४० किंवा त्याहूनही वर जातो. दोन तासांच्या कार्यक्रमात ही आदळआपट लाखोंच्या घरात पोचते. स्वरतंतूंवरचं नाजूक ओलसर आवरण ही टक्कर झेलत असतं. टक्कर सर्वांत जोरात बसते ती तंतूच्या पुढच्या एकतृतीयांश आणि मधल्या एकतृतीयांश भागांच्या सांध्यावर, म्हणून गायकांच्या गळ्यातल्या गाठी बहुतेक तिथेच होतात. पाणी प्यायलं की गळा ओला होतो ही समजूत अर्धीच खरी आहे. प्यालेलं पाणी अन्ननलिकेतून जातं, स्वरतंतूंना स्पर्शही करत नाही. ते रक्तातून फिरून आवरणापर्यंत पोचायला वेळ लागतो. त्यामुळे कार्यक्रमाआधी दहा मिनिटं प्यालेल्या पाण्यापेक्षा आदल्या दिवशी प्यालेलं पाणी जास्त कामाला येतं.

रॉकमधली ती फाटलेली, खरखरीत किनार ऐकणाऱ्याला गळा चिरून काढल्यासारखी वाटते. कसलेला गायक मात्र ती खरखर स्वरतंतू आवळून काढत नाही. स्वरतंतूंच्या वर मांसल पडद्यांची आणखी एक जोडी असते, तिला आणि तिच्या आसपासच्या भागाला तो थरथरायला लावतो. खाली मूळ सूर मोकळा राहतो आणि वर खरखरीचा थर चढतो. हे शिकायला वर्षं लागतात. न शिकता कुणी नक्कल केली तर तो थेट स्वरतंतूच आवळतो, आणि महिन्याभरात आवाज बसतो.

आता आवाजाच्या स्टुडिओत येऊ. आवाज देणं म्हणजे माइकसमोर बसून शांतपणे वाचणं, असा समज असेल तर तो सोडावा लागेल. लढाईच्या भागात सेइयूला किंचाळावं लागतं, गळा दाबला गेल्यासारखं घुसमटावं लागतं, खोकावं लागतं, रडत रडत बोलावं लागतं, तलवारीचा घाव बसल्याचा हुंकार द्यावा लागतो. गाण्यात उंच सुराला चढायला एक वाट असते, श्वास आधी तयार होतो. किंकाळीला अशी वाट नसते. बंद स्वरतंतू एका झटक्यात फटकन उघडतात, आणि गळ्याच्या दृष्टीने ही क्रिया कित्येक गाण्यांपेक्षा घातक आहे. जपानी पद्धतीत एपिसोडचा अर्धा भाग घेऊन आधी तालीम होते, मग प्रत्यक्ष ध्वनिमुद्रण. एकच किंकाळी त्यामुळे दोन-तीनदा द्यावी लागते, आणि दिग्दर्शकाचं समाधान झालं नाही तर आणखी. अमेरिकेत व्हिडिओ गेमसाठी आवाज देणाऱ्या नटांनी २०१६-१७ मध्ये लांबलचक संप केला. गळ्यावर ताण आणणाऱ्या ध्वनिमुद्रणाला दोन तासांची मर्यादा असावी, ही त्यांच्या मागण्यांमधली एक मागणी होती. हे नट गायक नव्हते. नुसत्या बोलण्या-ओरडण्याने त्यांचे गळे जायला आले होते.

दोन्ही कामांना गळ्याकडून काय हवं असतं, तेही वेगळं आहे. दौऱ्याच्या पाचव्या रात्री रॉक गायकाचा आवाज थोडा बसला तर श्रोते त्याला माफ करतात, कित्येकदा त्यांना तो घोगरेपणा आवडतोही. त्या आवाजात त्यांना मेहनत ऐकू येते. पण चुयाचा आवाज चौथ्या भागात स्वच्छ आणि पाचव्यात घोगरा असेल तर पात्रच मोडतं. कथेत त्या दोन भागांमध्ये एक रात्र गेलेली असते, प्रत्यक्षात एक आठवडा आणि दोन कार्यक्रम. माइक तर इतका जवळ असतो की ओठ उघडल्याचा आवाजही टिपला जातो. गायकाने स्वतःचा थकवा लोकांसमोर ठेवला तरी चालतं, नटाला तो पुरता लपवावा लागतो. शनिवारी रात्री पहिलं आणि सोमवारी सकाळी दुसरं, एकाच गळ्यातून.

जपानी ॲनिमेचा एक हंगाम बारा-तेरा भागांचा, म्हणजे तीन महिन्यांचा असतो. परंपरेने प्रत्येक मालिकेचा आठवड्यातला एक ठरलेला दिवस असतो आणि स्टुडिओत दोन पाळ्या चालतात, सकाळी दहापासूनची आणि दुपारी चारपासूनची. सगळे नट एका खोलीत जमतात, समोर तीन-चार माइक उभे. ज्याचं वाक्य आलं तो पुढे होतो, वाक्य संपताच बाजूला सरकतो, आणि संहितेची पानं कागदाचा आवाज न होता उलटली जातात. कुणी सहसा गैरहजर राहत नाही, कारण एकाच्या वाक्याच्या तालावर दुसऱ्याचं वाक्य उभं राहतं. त्यामुळे सोमवार ते शुक्रवार स्टुडिओचे आणि शनिवार-रविवार मैफलींचे, अशी आपोआप विभागणी होते. ऐकायला ती सोयीची वाटते. गळ्याच्या हिशोबाने मात्र आठवड्यात एकही दिवस मोकळा उरत नाही. करोनाकाळात, २०२० पासून, एकावेळी दोघा-तिघांनाच आत घेऊन तुकड्या-तुकड्यांनी ध्वनिमुद्रण होऊ लागलं. अभिनयाच्या दृष्टीने त्यात काहीतरी हरवलं, असं मला वाटतं. पण दौऱ्यावर असणाऱ्या गायक-नटाला वेळ निवडण्याची थोडी मुभा मिळाली, हेही खरं.

सेइयू गाण्याकडे वळण्यामागे हौसेइतकंच पोटही आहे. जपानमध्ये आवाजाच्या कामाचे दर नटांच्या संघटनेने ठरवलेल्या श्रेणींवर चालतात. अगदी नव्या नटाला अर्ध्या तासाच्या एका भागाचे १५,००० येन मिळतात. त्यात त्याचं एकच वाक्य असो की शंभर, रक्कम तीच. दर आठवड्याला काम मिळालं तरी महिन्याचे ६०,००० येन होतात आणि त्यातून एजन्सी आपला वाटा कापून घेते. तोक्योमध्ये एवढ्यावर घरभाडं भागणं मुश्कील. म्हणून रेडिओ कार्यक्रम, मंचावरची निवेदनं, गाणी, मैफली हे सगळं त्या व्यवसायाला जोडलं गेलं.

हे जोडलं जाणं आजचं नाही. १९७७ मध्ये काही सेइयूंनी 'स्लॅपस्टिक' नावाचा बँड काढला. तोरू फुरुया ड्रम वाजवायचे, तोशिओ फुरुकावा गिटार. सुरुवातीच्या दिवसांत अकिरा कामियाही त्यात होते. दोनच वर्षांनी फुरुयांचा आवाज 'गंडाम'मधल्या आमुरोला लाभला आणि तो जपानभर पोचला. पडद्यामागचे आवाज देणारे चेहरे पाहायला तरुण पोरं गर्दी करू लागली होती, तो हा काळ. त्याच १९७७ मध्ये 'लेझी' नावाच्या दुसऱ्या एका बँडची पहिली तबकडी निघाली. नाव घेतलं होतं डीप पर्पलच्या गाण्यावरून, पण कंपनीने त्यांना गोंडस पोरांचा बँड म्हणून सजवून उभं केलं. बँड फुटल्यावर त्यातले दोघे, गिटारवादक अकिरा ताकासाकी आणि ड्रमर मुनेताका हिगुची, यांनी 'लाउडनेस' हा हेवी मेटल बँड उभारला आणि तो अमेरिकेपर्यंत गेला. गायक हिरोनोबू कागेयामा ॲनिमेच्या गाण्यांकडे वळला. १९८९ मधलं 'ड्रॅगन बॉल झी'चं शीर्षकगीत त्याचंच. आणि कीबोर्डवादक शुन्जी इनोउए यांनी १९९९ मध्ये 'लँटिस' ही संगीत कंपनी काढली. ॲनिमेची गाणी हाच तिचा मुख्य व्यवसाय होता. ग्रॅनरोडिओ याच लँटिसची निर्मिती. कंपनीचा संस्थापक स्वतः रॉक बँडमधला असल्यामुळे सेइयूला गायक म्हणून उभं करताना मागे खरी गिटार हवी, खरा ड्रम हवा, हे तिथे कुणाला पटवून द्यावं लागलं नसेल.

मधल्या काळात दोन स्त्रियांनी दोन वेगळ्या वाटा दाखवल्या. मेगुमी हायाशिबारा ही नव्वदच्या दशकातली सर्वांत मोठी सेइयू. 'इव्हांगेलियन'मधली रेई तिचीच. तिची गाणी खपाच्या याद्यांत वर जायची, पण तिने एकटीची मैफल करणं टाळलं. तिची पहिली एकल मैफल थेट २०१७ मध्ये झाली. दुसरी हेकिरू शिइना. १९९७ मध्ये तोक्योच्या निप्पॉन बुडोकानमध्ये एकटीच्या नावावर कार्यक्रम करणारी ती पहिली सेइयू ठरली. बुडोकान ही १९६४ च्या ऑलिंपिकमधल्या ज्यूदोसाठी बांधलेली वास्तू. १९६६ मध्ये बीटल्स तिथे गायले आणि मग जपानी रॉकवाल्यांसाठी ते तीर्थस्थान झालं. शिइनाचं मन रॉककडे ओढलं गेलं आणि तिच्या कारकिर्दीचा तोल त्या बाजूला झुकला. हायाशिबाराने मंच टाळला, शिइनाने आवाजाची बरीच कामं सोडली. त्या पिढीत दोन्ही पूर्ण ताकदीने करायची सोय अजून तयार झाली नव्हती. पुढे नाना मिझुकीने डिसेंबर २०११ मध्ये तोक्यो डोममध्ये दोन दिवस कार्यक्रम केले. तिथे गाणारी ती पहिली सेइयू. तोवर मागची यंत्रणाही मोठी झाली होती.

ग्रॅनरोडिओची रचना मला सर्वांत शिकण्यासारखी वाटते. २००५ मध्ये या जोडीचं पहिलं गाणं आलं. जोडीत दोघंच. ई-झुका, म्हणजे मासाआकी इइझुका, चाली बांधतो, वाद्यमेळ रचतो, गिटार वाजवतो. तानियामा शब्द लिहितो आणि गातो. बास आणि ड्रमसाठी मंचावर सोबती वादक येतात. नेहमीच्या रॉक बँडमध्ये गायकाला तासन्‌तास तालमीच्या खोलीत बसून गाणं सगळ्यांबरोबर घडवावं लागतं. इथे गाण्याचा सांगाडा ई-झुकाच्या स्टुडिओत तयार होतो. तानियामाला शब्द लिहायचे असतात, ते आगगाडीत लिहिता येतात, दोन ध्वनिमुद्रणांमधल्या रिकाम्या वेळात लिहिता येतात, आणि लिहिताना गळ्याला पूर्ण विश्रांती असते. शिवाय जोडीचं संगीत मुख्यतः ॲनिमेसाठीच होतं. शीर्षकगीताला दीड मिनिटांची चौकट असते. त्यात प्रस्तावना, अंतरा आणि ध्रुवपद बसवून प्रेक्षकाला खुर्चीत खिळवायचं असतं. हे गणित सांभाळायला अनुभवी संगीतकार लागतो आणि तो तिथे आहे. 'कुरोको'चं गाणं गाणारा आणि त्यातल्या हिमुरोचा आवाज देणारा माणूस एकच असला की दोन्ही कामांची प्रसिद्धीसुद्धा एकत्र होते, वेगळी धावपळ वाचते. तानियामाची मेहनत मी कमी लेखत नाही. पण त्या मेहनतीला उभं राहायला अशी जागा नसती तर शिइनासारखं त्यालाही कधीतरी एक बाजू निवडावी लागली असती.

याच माणसाच्या गळ्यात तिसरं कामही आहे, आणि ते बाहेरच्यांच्या सहसा लक्षात येत नाही. 'उता नो प्रिन्स-सामा' ही गायक होऊ पाहणाऱ्या मुलांची कथा. त्यात तानियामा नात्सुकी म्हणून बोलतो आणि नात्सुकी म्हणूनच गातो. ते गाणं मऊ, गोड, गोंजारणारं असतं. तिथे ग्रॅनरोडिओची खरखर आली तर पात्र खोटं पडेल. म्हणजे पात्र म्हणून बोलणं, पात्र म्हणून गाणं, आणि स्वतः म्हणून गाणं, हे तीन वेगळे आवाज झाले. मधला प्रकार सर्वांत अवघड. सुरात तर राहायचं, पण चांगलं गाण्याचा मोह आवरायचा. पात्र जितकं चांगलं गाईल तितकंच गायचं.

हे तीन आवाज एकाच गळ्यातून काढायचे की वाटून द्यायचे, यावर जपानी निर्मात्यांनी वेगवेगळे प्रयोग केले आहेत. पार्श्वगायनावर वाढलेल्या आपल्याला वाटून देणं अगदी स्वाभाविक वाटेल. १९९४-९५ मधल्या 'मॅक्रॉस ७'चा नायक नेक्की बासारा हा रॉक गायक. युद्धात शत्रूवर तो गोळ्यांऐवजी गाणी सोडतो. त्याचे संवाद नोबुतोशी हायाशी बोलला आणि गाणी योशिकी फुकुयामाने गायली. फुकुयामा मुळात 'हमिंग बर्ड' या रॉक बँडचा माणूस. बासाराच्या काल्पनिक बँडची, फायर बॉम्बरची, गाणी इतकी गाजली की आजही ती मंचावर ऐकायला मिळतात. 'नाना'मध्ये (२००६) नायिकेचे संवाद रोमी पाकचे आणि गाणी ॲना त्सुचियाची. 'एंजल बीट्स'मध्ये (२०१०) युईचं बोलणं एरी कितामुराचं आणि गाणं लिसाचं. लिसा तेव्हा फारशी कुणाला ठाऊक नव्हती. पुढे 'डीमन स्लेयर'च्या गाण्याने ती घराघरात पोचली. या पद्धतीत दोन्ही गळे सुरक्षित राहतात आणि ज्याला जे येतं तो तेच करतो. पण एक वीण सुटते. बासारा गाता गाता थांबून ओरडतो, त्या क्षणी आवाजाचा सांधा कान देऊन ऐकणाऱ्याला कळतो.

अगदी उलट टोकाचा प्रयोग बुशिरोड कंपनीने 'बँग ड्रीम'मध्ये केला. तिथे सेइयू बोलणार, गाणार, आणि वाद्यही स्वतः वाजवणार. २०१७ मध्ये ॲनिमे आलं तोवर त्यातल्या 'पॉपिन पार्टी' या बँडच्या पाचजणी मंचावर खरोखर वाजवत होत्या. गायिका-गिटारवादक आइमीला गिटार आधीपासून येत होती, ड्रमवरच्या आयाका ओहाशीलाही ड्रम येत होता. बाकीच्यांना शिकावं लागलं. पडद्यावर जी मुलगी की-बोर्डमागे उभी आहे तिचाच आवाज असलेली बाई प्रत्यक्ष की-बोर्डमागे उभी दिसते, याचा आनंद विलक्षण असतो, आणि प्रेक्षकांनी तो भरभरून घेतला. मलाही ध्वनिचित्रफितींत याच प्रकल्पातल्या 'रोझेलिया' या दुसऱ्या बँडच्या मैफली पाहताना तो आनंद झाला आहे.

पण २०१८ मध्ये याच रोझेलियाच्या पाचांपैकी दोघी बाहेर पडल्या. बासवादक युरिका एंदोने प्रकृतीच्या कारणाने बँडच नव्हे तर मनोरंजनाचं क्षेत्रच सोडलं. त्याच वर्षी की-बोर्डवरच्या सातोमी आकेसाकाने एकाएकी आलेल्या बहिरेपणामुळे बँड सोडत असल्याचं जाहीर केलं. या आजारात आतल्या कानातली ऐकण्याची क्षमता काही तासांत किंवा दिवसांत खालावते. उपचार लवकर, शक्यतो पहिल्या दोन आठवड्यांतच, सुरू व्हावे लागतात. बहुतेक रुग्णांत नेमकं कारण सापडत नाही, म्हणून मंचावरच्या आवाजामुळे हे झालं असं कुणीही ठामपणे म्हणू नये. मात्र आजार झाल्यावर काय झालं, ते नीट पाहायला हवं. आकेसाकाचा बोलका आवाज शाबूत होता. सेइयू म्हणून ती पुढेही काम करत राहिली. पण रोझेलियातली रिन्को ही भूमिका तिच्याकडे राहिली नाही. की-बोर्ड वाजवणारी आणि रिन्को बोलणारी एकच असली पाहिजे, हाच त्या प्रकल्पाचा पाया होता. भूमिका कानोन शिझाकीकडे गेली, तशी एंदोची लिसा नावाची भूमिका युकी नाकाशिमाकडे. कान दुखावला आणि गळ्याचं काम गेलं. तानियामाच्या रचनेत एक काम थांबवलं तर दुसरं उभं राहू शकतं. इथे दोन्ही कामं एकमेकांत इतकी विणलेली होती की एक धागा सुटताच दुसराही हातातून गेला. प्रेक्षक म्हणून मिळालेल्या आनंदाचा हा भाग मला आजही बोचतो. हा प्रयोग करू नये असं माझं म्हणणं नाही. पण नटीला वाद्य खाली ठेवून भूमिका चालू ठेवायची मुभा करारात असायला हवी होती, असं मला मनापासून वाटतं.

'बोची द रॉक'च्या निर्मात्यांनी मधला मार्ग काढला. २०२२ च्या या मालिकेतल्या मुलींची आडनावं 'एशियन कुंग-फू जनरेशन' या जपानी रॉक बँडच्या चौघांवरून घेतलेली आहेत. गाणी सेइयू गातात, तबकडीवरची वाद्यं व्यावसायिक वादक वाजवतात. नायिकेला आवाज देणारी योशिनो आओयामा मात्र मालिकेनंतर गिटार शिकत राहिली. मे २०२३ मध्ये तोक्योतल्या झेप हानेदा सभागृहातल्या मैफलीत तिने शेवटाकडे गिटार हातात घेऊन गायलं. कुणी लादलेलं नसताना आणि कार्यक्रम त्यावर अवलंबून नसताना केलेल्या गोष्टीची मजा वेगळीच असते.

अमेरिकेत हाच पेशा वेगळ्या आकारात भेटतो. जॉनी याँग बॉश १९९४ मध्ये 'पॉवर रेंजर्स'मध्ये काळा रेंजर म्हणून आला. मार्शल आर्ट्समधून आलेला मुलगा. नंतर तो इंग्रजी डबिंगकडे वळला आणि 'ट्रायगन'चा वॅश, 'ब्लीच'चा इचिगो, 'कोड गियास'चा लेलूश असे एकाहून एक आवाज त्याच्या नावावर जमले. २००४ मध्ये त्याने कॅलिफोर्नियात 'आयशाइन' हा रॉक बँड उभारला आणि दहा-एक वर्षं चालवला. अमेरिकेतल्या डबिंगमध्ये नट एकटाच बूथमध्ये असतो. कानात तीन टिकटिक वाजतात आणि चौथ्या ठेक्यावर पडद्यावरचे ओठ हलू लागतात तेव्हा त्याने बोलायचं. बाकीचे नट त्याला भेटतही नाहीत. पैसे तासांवर मिळतात. एकत्र जमायचं बंधन नसल्याने वेळ ठरवणं तुलनेने सोपं, आणि किंकाळ्या शेवटच्या तासासाठी राखून ठेवायची पद्धतही तिथे रुळलेली आहे. बॉशच्या मागे मात्र लँटिससारखी कंपनी नव्हती. ॲनिमेचे चाहते आठवड्याच्या शेवटी मोठ्या हॉटेलांत, प्रदर्शन केंद्रांत जी संमेलनं भरवतात, तिथे तो पाहुणा म्हणून जायचा आणि बरोबर बँडही घेऊन जायचा. दुपारी इचिगोच्या चित्रावर सह्या, रात्री गाणं. प्रवासखर्चाचा आणि श्रोत्यांचा प्रश्न एकदम सुटला. श्रोते आले ते इचिगोसाठी, ही त्याची मर्यादाही होती. बँडला त्याच्या बाहेरचा श्रोता मिळवायचा तर वेगळं फिरायला हवं, आणि त्या फिरण्यासाठी लागणारे आठवडे डबिंगमधून काढावे लागतात.

जपानमध्ये आता तर क्रमच उलटला आहे. २०२४ मध्ये तोएई स्टुडिओची 'गर्ल्स बँड क्राय' ही मालिका आली. तिच्यासाठी आधी चाचण्या घेऊन वाजवणाऱ्या आणि गाणाऱ्या पाच तरुणी निवडल्या. 'तोगेनाशी तोगेआरी' नावाने त्यांचा बँड मालिकेआधीच गाणी काढू लागला, आणि मग त्यांच्याकडूनच संवाद बोलून घेतले. आवाजाच्या कामाचा अनुभव त्यांच्यापाशी नव्हता. नीना या नायिकेच्या बोलण्यात व्यावसायिक सेइयूची घोटीव सफाई नाही. वाक्य मध्येच घसरतं, श्वास चुकीच्या जागी घेतला जातो, आणि घर सोडून आलेल्या चिडक्या सतरा वर्षांच्या मुलीला ते शोभून दिसतं. गाण्यात मात्र तीच मुलगी एकदम ठाम होते. नट गायक होण्याचा प्रश्न जपानने पन्नास वर्षांत बऱ्यापैकी सोडवला. गायक नट होतो तेव्हा त्याला दुसरं, तिसरं पात्र मिळेल का, की तो आयुष्यभर त्या एकाच मुलीच्या आवाजात बोलत राहील, हे या पाचजणींच्या पुढच्या कामावरून कळेल. तोवर त्यांच्या मैफलींना गर्दी होते आहे, आणि तिथे त्यांना कुणी सेइयू म्हणून बोलावत नाही, बँड म्हणूनच बोलावतात.